गावठाण आणि गिरिस्थान

पाचगणीच्या नगरपरिषदेचं पूर्ण नाव 'पाचगणी गिरिस्थान नगरपरिषद' असं आहे. बाजारातून उतारानं खाली गेलं की जुनी दाट वस्ती लागते, तिला लोक गावठाण म्हणतात. 'गिरिस्थान'मधलं स्थान आणि 'गावठाण'मधलं ठाण हा मुळात एकच शब्द. संस्कृतातला 'स्थान' प्राकृतात 'ठाण' झाला आणि मराठीनं तो तसाच उचलला. ठाणे शहर, पोलीस ठाणं, देवाचं ठाण, एखाद्यानं येऊन ठाण मांडणं, हे सगळं त्यातलंच. 'गिरिस्थान' मात्र कुणाच्या तोंडात झिजून तयार झालेला नाही. 'हिल स्टेशन'साठी तो कचेरीत घडवला गेला. पाचगणीत जुन्या रहिवाशांचं आणि नव्या बंगलेवाल्यांचं जे काही धुमसतं, ते मला या दोन रूपांमधल्या अंतरात ऐकू येतं.

लंडनच्या जुन्या कामगार वस्त्यांत पैसेवाले शिरले, घरांच्या किमती चढल्या आणि मूळचे लोक पांगले. त्या बदलाला रूथ ग्लास या समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९६४ साली 'जेंट्रिफिकेशन' हे नाव दिलं. मराठीत त्याला 'अभिजनीकरण', 'उच्चभ्रूकरण' असे प्रतिशब्द सुचवले जातात. पाचगणीच्या बाजारात यातला एकही शब्द कुणी उच्चारणार नाही. पण तिथं जे घडतंय त्यासाठी मराठीत शब्द नाहीत असं अजिबात नाही. उलट जमीन, वस्ती आणि हक्क यांबाबत आपल्या भाषेत इतके बारकावे आहेत की ते उलगडले तर अर्धा इतिहास हाती येतो.

आधी गावाचं नाव. दांडेघर, गोडवली, आंब्रळ, खिंगर आणि तायघाट या पाच गावांच्या मधली जागा ती पाचगणी. कुणी पाच डोंगरांवरूनही नावाची फोड करतात. दोन्हींत 'पाच' पक्का आहे आणि शेवटचा 'ण'ही. इंग्रजी स्पेलिंगवरून वाचणारा माणूस 'पंचगनी' म्हणतो. वाईच्या एसटी स्टँडवर किंवा पसरणी घाटात गाडी थांबवून कुणी 'पंचगनी किती लांब?' असं विचारलं की ऐकणाऱ्याला तेवढ्यावरून पुढचं सगळं कळतं. तो काही बोलत नाही, अंतर सांगतो.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यानंतर जॉन चेसन या इंग्रज गृहस्थानं आपला पारशी स्नेही रुस्तमजी दुभाष याच्यासोबत हे डोंगर पालथे घातले आणि या पाच गावांमधली मोकळी जागा वसाहतीसाठी निवडली. महाबळेश्वरात पाऊस असह्य होतो, इथं तो बेतानं पडतो, हे त्यामागचं मुख्य कारण. चेसननं झाडं लावली, त्यांत ऑस्ट्रेलियातला सिल्व्हर ओक होता. बंगल्यांना लागणारी माणसं त्यानं बोलावून आणली: शिंपी, धोबी, खाटीक, भाजीवाले, बांधकामाचे ठेकेदार, बंगल्यांवर चाकरी करणारे. त्यांना राहायला बाजाराच्या खालची जागा दिली. तेच हे गावठाण. म्हणजे आज जे 'आम्ही इथले' म्हणतात त्यांच्यातल्या कितीतरी घरांचे पणजोबा-खापरपणजोबा कुणाच्या तरी बोलावण्यावरून वर आलेले होते. खरी जुनी गावं ती पाच. चेसन स्वतः इथंच सेंट पीटर्स चर्चच्या आवारात पुरला गेला.

बाहेरच्याला बोलावून वसवणं ही काही इंग्रजांनी आणलेली रीत नव्हती. मराठेशाहीत पडीक जमीन लागवडीला यावी, नवी पेठ भरावी म्हणून सरकार 'कौल' देई. अरबीत 'कौल' म्हणजे वचन. येणाऱ्याला पहिल्या वर्षी सारा थोडा, मग वर्षागणिक चढता. या चढत्या साऱ्याला 'इस्तावा' म्हणत. पेठ वसवणाऱ्या शेटे-महाजनांना त्याबद्दल वतन मिळे. आज आपण कौल फक्त देवाला लावतो किंवा निवडणुकीत मतदारांचा मोजतो. पण येणाऱ्याला दिलेलं वचन असा त्याचा अर्थ होता, आणि वचन म्हटलं की दोन बाजू आल्या. तू जमीन कस, वस्ती कर. आम्ही तुला सवलत देऊ.

असा आलेला माणूस तेव्हाच्या दप्तरांत 'उपरी' म्हणून नोंदला जाई. गावात पिढीजात जमीन धारण करणारा तो मिरासदार, आणि बाहेरून येऊन कराराने जमीन कसणारा तो उपरी. पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखावर एल्फिन्स्टननं १८१९ साली जो अहवाल लिहिला त्यात रयतेची हीच मुख्य वाटणी सांगितली आहे. 'उपर' म्हणजे वर. 'याउपर', 'उपरणं' या शब्दांत तो दिसतो. उपरी म्हणजे वरवर बसलेला, मूळ खाली न गेलेला. त्याचंच भावंड 'उपरा'.

मिरासदाराला गावात बोलण्याचा हक्क होता, मान होता. तो दुष्काळात गाव सोडून गेला आणि कित्येक वर्षांनी परतला तरी त्याची जमीन त्याला मागता येई. पण हे सांगताना पुढचा भाग बहुतेक जण विसरतात. या हक्काचं ओझंही त्याच्यावरच होतं. त्याचा सारा ठरलेला आणि भारी. उपऱ्याला पुष्कळदा त्याहून हलक्या दरानं जमीन मिळे. शिवाय मिरासदारांवर 'मिरासपट्टी' नावाचा वेगळा कर बसे. सरकारला नड पडली, गावावर काही आलं, की आधी मिरासदार गाठला जाई, कारण तो पळून जाणार नाही हे सगळ्यांना ठाऊक होतं. आपलं असण्याची किंमत अशी भरावी लागे. आजच्या मराठीत 'मिरासदारी' हा शब्द फक्त मक्तेदारीच्या अर्थानं उरलाय, 'ही काय तुमची मिरासदारी आहे का?' असा. त्यातला पट्टीचा भाग गळून गेला, याचं मला वाईट वाटतं.

इंग्रजांच्या रयतवारीनं हा भेद कागदावरून पुसला. सातारचं राज्य १८४८ साली खालसा झालं, पुढे तिथंही मोजणी आली, आणि मिरासदार काय नि उपरी काय, सगळे 'खातेदार' झाले. खात्यात नाव असलं की पुरे. खातेदार जमीन विकू शकतो, गहाण टाकू शकतो, आणि घेणारा कोण आहे हे गावाला विचारावं लागत नाही. सातबाऱ्यावर आज जो शब्द छापलेला असतो तो हाच. पण बोलण्यातून 'उपरा' गेला नाही.

तो गेला नाही, आणि लागला मात्र कमजोरालाच. लक्ष्मण माने यांचं आत्मकथन १९८० साली याच नावानं आलं आणि पुढच्या वर्षी त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. माने सातारा जिल्ह्यातलेच, कैकाडी समाजातले. पिढ्यान्‌पिढ्या याच मुलखात टोपल्या विणत हिंडणारी माणसं, पण पांढरीत त्यांना जागा नाही. गावाच्या वस्तीची जमीन ती पांढरी आणि पिकाची ती काळी, अशी आपली जुनी विभागणी आहे. दोन्हींत ज्याचं काही नाही तो उपरा, मग त्याच्या आजोबाचा जन्म याच शिवारात का झालेला असेना. मी कितीदा तरी आठवून पाहिलं, पण बंगलेवाल्याला उद्देशून 'उपरा' म्हटलेलं मला ऐकल्याचं आठवत नाही. त्याला 'शेठ' म्हणतात, 'साहेब' म्हणतात, सातारी वळणानं 'मालक' म्हणतात. पाठीमागं फार तर 'बंगलेवाले' किंवा 'पुण्या-मुंबईचे'. उपरा या शब्दाला पायाखालची जमीन नसलेला माणूसच लागतो. बाहेरून आलेला आणि तरीही इथल्यापेक्षा जास्त जमीन असलेला माणूस या शब्दानं कधी पाहिलेलाच नव्हता.

पाचगणीत या शब्दाला शब्दशः उलटं करून टाकलंय. उपर म्हणजे वर, आणि वर, कड्याच्या काठावर, जिथून कृष्णेचं खोरं आणि धोम धरणाचं पाणी दिसतं तिथं बंगले, मूळचे खाली.

जमिनीच्या व्यवहाराची बोलीही बघण्यासारखी आहे. विकत घेणाऱ्याला 'पार्टी' म्हणतात. 'पार्टी मुंबईची आहे', 'पार्टी उद्या जागा बघायला येणार'. पार्टीला नाव नसतं, गाव नसतं, फक्त बजेट असतं. विकणारा मात्र कधीच पार्टी नसतो, तो नावानिशी असतो आणि त्याच्या सातबाऱ्यावर चुलत्यांची, आत्यांचीही नावं असतात. एकराची भाषा सुटून गुंठ्याची आली ती या खरेदी-विक्रीच्या काळात. चाळीस गुंठ्यांचा एकर. पूर्वी गुंठा हा एकराची मोड सांगायला लागायचा, 'दोन एकर पाच गुंठे' असा. आता सुरुवातच गुंठ्यापासून होते. गुंठे विकून अचानक पैसा आलेल्याला पुण्याकडे 'गुंठामंत्री' म्हणून हिणवतात. ज्यानं ती जमीन घेतली त्याला असा कुठलाही शब्द नाही, आणि हा एकतर्फीपणा मला बोचतो.

'शेतकरी' या शब्दाचं तर दाखल्यात रूपांतर झालंय. १९४८च्या कुळकायद्याचं कलम ६३ सांगतं की शेतकरी नसलेल्याला जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीवाचून शेतजमीन घेता येत नाही. कसणाऱ्याच्या हातून जमीन निसटू नये हा त्यामागचा हेतू. पण कायद्याला माणूस कागदावरूनच ओळखावा लागतो, त्यामुळे घेणारा आधी 'शेतकरी दाखला' आहे का ते पाहतो. कुठल्या तरी लांबच्या गावी वडिलोपार्जित चार गुंठे असले की तो शेतकरी. मग इथं घेतलेली जमीन 'एनए' होते. मराठीत तिला बिगरशेती म्हणतात. काय आहे ते न सांगता, काय नाही तेवढंच सांगणारं हे नाव. काळी नाही, पांढरीही नाही. तशी पाचगणीची माती मुळातच तांबडी, जांभ्याची.

त्या जांभ्याचं सपाट पठार म्हणजे टेबललँड. पाटण तालुक्यात, कोकणात अशा जांभ्याच्या सपाटीला 'सडा' म्हणतात. सडावाघापूर हे गावाचं नावच आहे. साताऱ्याजवळ ते कास पठार. पाचगणीत मात्र टेबललँड, आणि घोडेवाल्यांच्या, टांगेवाल्यांच्या तोंडी आता तो पक्का मराठी शब्द आहे. सिडनी पॉइंट, पारशी पॉइंट हेही तसेच. 'पॉइंट करून आणतो' असं ते म्हणतात, आणि ते वाक्य इंग्रजीत म्हणून दाखवता येणार नाही. शब्दांच्या बाबतीत पाचगणीनं बाहेरच्यांना कधी अडवलं नाही. १९१२ साली डॉ. बिलिमोरियांनी क्षयरोग्यांसाठी बेल एअर काढलं, तेव्हा 'सॅनिटोरियम' हा शब्द असाच रुजला. बोर्डिंग शाळांची तर इथं परंपराच. स्ट्रॉबेरीही बाहेरचीच, पण २०१०पासून महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला भौगोलिक मानांकन आहे.

आता त्या दोन शब्दांकडे येतो ज्यांच्यापायी गावात खरी ठिणगी पडते. वारस आणि वारसा. अरबीतल्या एकाच धातूपासून वारस, वारसा आणि मिरास हे तिन्ही निघाले. मिरास म्हणजे वारशानं आलेलं. २००१ साली महाबळेश्वर-पाचगणी परिसर केंद्र सरकारनं पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र म्हणून जाहीर केला. लोक त्याला नुसतं 'झोन' म्हणतात. 'आमचं घर झोनमध्ये आहे', 'झोनमुळं परवानगी मिळत नाही'. २०१२ साली कास पठाराचा समावेश असलेल्या पश्चिम घाटाला युनेस्कोनं जागतिक वारसा म्हटलं. सभांमधून, निवेदनांमधून 'हा वारसा जपला पाहिजे' हे वाक्य येऊ लागलं. ते म्हणणारे बहुतेक शहरातून आलेले, शिकलेले, आणि मनापासून म्हणणारे. ऐकणारा खिंगरचा किंवा गोडवलीचा शेतकरी तलाठ्याकडे वारसनोंदीसाठी हेलपाटे घालून आलेला असतो. बाप वारला, तीन भावांची नावं लागायची आहेत, घराला एक खोली वाढवायची आहे. त्याच्या कानावर 'वारसा' पडतो तेव्हा त्याला पहिला प्रश्न पडतो: वारस कोण?

इथं मला दोघांनाही बरोबर म्हणावं लागतं. मुंबईतल्या पर्यावरणवादी मंडळींनी झगडून झोन मिळवला नसता, टेबललँडवरच्या गाड्यांविरुद्ध कोर्टात धाव घेतली नसती, तर आज तिथं काय उभं राहिलं असतं याचा विचारही नको वाटतो. बाहेरच्यांनीच हे केलं. स्थानिक पुढाऱ्यांना त्यात फारसा रस नव्हता, हेही नोंदवलं पाहिजे. पण झोनचा भार कसा वाटला गेला ते पाहा. ज्याचा बंगला २००१च्या आधीच उभा आहे त्याच्या खिडकीतलं दृश्य झोननं कायमचं राखून दिलं आणि जागेचा भाव चढवला. ज्याचं घर कुटुंबागणिक वाढायचं होतं त्याचं घर तेवढंच राहिलं. वारसा एकाच्या वाट्याला आला आणि पट्टी दुसऱ्याच्या.

बातम्यांत हा दुसरा माणूस 'स्थानिक' असतो. 'स्थानिकांचा विरोध', 'स्थानिकांची मागणी'. हॉटेलवाला त्यालाच 'लोकल' म्हणतो, 'लोकल माणूस आहे, रस्ता दाखवेल'. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात 'स्थानिक' हे अधिकाऱ्याचं नाव आहे. पाच किंवा दहा गावांचा हिशेब गोप ठेवी आणि जनपदाच्या चौथ्या हिश्श्यावर स्थानिकाची देखरेख असे. कुणाची जमीन कुठपर्यंत, कोण आलं, कोण गेलं, हे सगळं त्यांच्या नोंदीत. त्या स्थानिकाला विचारल्याशिवाय काही हलत नव्हतं. आजचा स्थानिक विरोध करून झाल्यावर बातमीत येतो.

पाचगणीपुरतं हे थांबलेलं नाही. महाबळेश्वरची गोष्ट नावांतूनच दिसते. कृष्णेचं उगमस्थान आणि मंदिर ते क्षेत्र महाबळेश्वर. १८२८च्या सुमारास सातारच्या प्रतापसिंह महाराजांकडून जागा घेऊन इंग्रजांनी जी वसाहत केली ती माल्कमपेठ, गव्हर्नर माल्कमच्या नावानं. हळूहळू सगळे तिलाच महाबळेश्वर म्हणू लागले आणि मूळचं ते 'जुनं महाबळेश्वर' झालं. आता सरकारनं सातारा जिल्ह्यातल्या शेकडो गावांत 'नवीन महाबळेश्वर' आखलं आहे. त्या गावांची नावं आराखड्याच्या परिशिष्टात आहेत. २०२४ साली कांदाटी खोऱ्यातल्या झाडाणी गावाची शेकडो एकर जमीन बाहेरच्या मोजक्या लोकांनी घेतल्याचा आरोप झाला, आणि राष्ट्रीय हरित लवादानं त्याची दखल घेतली. जुन्या दप्तरांत अशा रिकाम्या झालेल्या जमिनीला 'गतकूळ' म्हणत, जिचं कूळ निघून गेलं ती. ती गावाच्या किंवा सरकारच्या ताब्यात राही, आणि कूळ परतेल ही शक्यता त्या नावात धरलेली होती. खरेदीखत झालेल्या जमिनीला गतकूळ म्हणता येत नाही.

आणि तरी या डोंगरातल्या लोकांनी बाहेर गेलेल्यांना तोडलेलं नाही. जावळी, पाटण, महाबळेश्वर भागातली माणसं मुंबईत गिरणीत लागली, माथाडी झाली. गावात त्यांना 'मुंबईकर' म्हणतात. 'यात्रेला मुंबईकर येणार', 'देवळाचं छप्पर मुंबईकरांनी केलं'. म्हणजे पाचगणीच्या परिसरात दोन मुंबईकर आहेत. एक घाटकोपरच्या नाहीतर कोपरखैरणेच्या खोलीत राहणारा, ज्याची इथं फक्त पडवी उरली आहे. दुसरा बंगल्याचा मालक. पहिल्याला परका म्हणायचं कुणाच्या मनातही येत नाही, कारण यात्रेच्या पावतीपुस्तकात त्याचं नाव दर वर्षी असतं. वर्गणी ही आजची मिरासपट्टी. ती कुणी कायद्यानं लावत नाही, पण भरणाऱ्याला गावकीत बोलता येतं.

पोरं वर्गणीला बंगल्यांवरही जातात. फाटकाशी वॉचमन भेटतो, तो बहुधा त्यांच्यातल्याच कुणाचा काका किंवा मामा. शिवाराची राखण करणाऱ्या घरातला माणूस आता फाटकाची राखण करतो. मालक नसतात, फोन लावला जातो, पैसे मोबाइलवर येतात, कधी मोठी रक्कमही येते. मी पाहिलेल्या एका पावतीपुस्तकात अशा पावत्यांवर नावाच्या ओळीत माणसाचं नाव लिहिलेलं नव्हतं, बंगल्याचं होतं. एकाच पावतीवर नाव होतं, निवृत्त होऊन कायमच्या राहायला आलेल्या एका जोडप्याचं. लिहिणाऱ्या पोराला मी विचारलं, यांचंच का? तो म्हणाला, "ते पावसाळ्यात पण असतात की." पर्यटक नाही, दुकानं अर्धी बंद, धुक्यात दहा पावलांवरचं दिसत नाही, वीज जाते, भिंतींना बुरशी धरते. त्या दिवसांत इथं कोण आहे हे सगळ्या गावाला ठाऊक असतं. त्या जोडप्यातल्या आजोबांनी गेल्या वर्षी पाण्याच्या टाकीसाठीच्या अर्जावर गावठाणातल्या लोकांसोबत सही केली होती, आणि सहीखाली पत्ता लिहिताना बंगल्याचं नाव न घालता नुसतं 'मु. पो. पाचगणी' लिहिलं होतं. 'ण' बरोबर काढला होता.